पाट्या वाचणारे आतोबा

आमच्या आतोबांइतका पळपुटा माणूस साऱ्या वऱ्हाडात दुसरा झाला नाही, असे आमच्या आत्याचे मत होते. आत्याचे मत हे नुसते मत नसे. अकोल्यातल्या आमच्या माळी गल्लीत ते वरच्या टोकापासून विहिरीपर्यंत स्पष्ट ऐकू येई, आणि विहिरीवरच्या बाया ते पुढे मोर्णेच्या काठापर्यंत पोचवत. त्यामुळे मला कळू लागल्यापासून आतोबा म्हणजे पळपुटा माणूस, हे मला दोन आणि दोन चारसारखे पाठ होते. मी आमच्या कुळातला पहिला बी.ए. आहे. ही गोष्ट मी कुठे ना कुठे सांगतोच, तेव्हा आताच सांगून मोकळा होतो. आणि बी.ए.च्या शेवटच्या वर्षापर्यंत मला हा माणूस ओळखता आला नव्हता, हेही त्याच दमात सांगितले पाहिजे.

आतोबा म्हणजे आत्याचे यजमान. तोंडावर आम्ही त्यांना मामा म्हणत असू. अंगाने बारीक, रंगाने काळेभोर, डोक्याला कायम भगवट रुमाल, आणि कानावर दिवसभर शेवंतीचे एक फूल. गावाबाहेर त्यांचा फुलांचा मळा होता. झेंडू, शेवंती, गुलछडी काढून हार करायचे आणि बाजारात बसायचे, हा त्यांचा धंदा. पण हे सगळे त्यांच्या आयुष्याच्या उत्तरार्धातले. पूर्वार्धात ते एका फिरत्या तंबू सिनेमात होते. तेव्हा सिनेमा मुका होता. पडद्यावरची माणसे नुसती ओठ हलवत आणि मध्येमध्ये अक्षरांची पाटी येई, की आता काय झाले आणि कोण काय बोलले. तंबूतल्या शंभर माणसांत वाचता येणारे चार. म्हणून पडद्याशेजारी एक माणूस उभा राहून पाट्या मोठ्याने वाचत असे. तो माणूस म्हणजे आमचे आतोबा. माझ्या आज्याने मूर्तिजापूरच्या बाजूच्या एका जत्रेत त्यांना पाहिले. आपल्याच जातीचा पोरगा भटजीसारखे शुद्ध बोलतो आहे, पाट्यांमागून पाट्या वाचतो आहे, हे पाहून आजा तंबूतच रडला म्हणतात. घरी येऊन त्याने गावभर सांगितले, की माझी पोरगी मी वाचणाऱ्याच्या घरी देणार. आणि दिली.

पुढे बोलका सिनेमा आला, तंबू उठला, मालक गेला. जाताना तो हाताने फिरवायचे मशीन आणि एका सिनेमाची दोन रिळे आतोबांकडे ठेवून गेला. पण पाट्या काही आतोबांच्या तोंडातून गेल्या नाहीत. एरवी ते आमच्यासारखेच मले-तुले बोलत. मात्र घरात काही घडले, की ते ताठ उभे राहत, उजवा हात कानामागे नेत, आणि विहिरीपर्यंत जाईल अशा आवाजात पाटी वाचत. माझा सख्खा मामा वर्षाने दारात आला, तर 'आत या' म्हणायच्या ऐवजी आतोबा म्हणाले, "तेवढ्यात एक अनोळखी वाटसरू प्रवेश करतो!" भाजीत मीठ कमी पडले, की पहिल्या घासाला, "इकडे राजवाड्यात मात्र सर्वत्र औदासीन्य पसरले होते." आत्या मिठाची वाटी पुढे सरकवी. माझ्या मोठ्या बहिणीच्या लग्नात तर त्यांनी कहरच केला. भटजींची मंगलाष्टके चौथ्या कडव्यात होती. आतोबांना राहवले नाही. "अखेर तो मंगल क्षण उगवला!" अशी पाटी त्यांनी मांडवाच्या मागून फेकली, आणि त्या आवाजाला फसून सगळ्या वऱ्हाडाने अक्षता टाकल्या, वाजंत्र्यांनी वाजवायला घेतले, अंतरपाट धरणाऱ्यांनी अंतरपाट सोडला. भटजी एकटेच उरलेली कडवी म्हणत राहिले. माझे मेहुणे अजून म्हणतात, की आमचे लग्न भटजींनी नाही, तुमच्या आतोबांनी लावले.

पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी आतोबा आपला सिनेमा दाखवत. त्या दिवसांत जिनिंगचा कारखाना बंद असे. तिथला फिटर आतोबांचा जिवलग, तो कापसाचे मोठे गोदाम उघडून देई. दुपारी दारे लावली की आत अंधार. एका बाजूला बाया, एका बाजूला पुरुष, समोर धुतलेले धोतर ताणलेले. फिटर कार्बाइडच्या दिव्यावर मशीन फिरवी आणि जवळ पाण्याची बादली नि ओले पोते ठेवी, कारण ती जुनी फीत म्हणजे निम्मा दारूगोळाच. सिनेमाचे नाव कोणालाच ठाऊक नव्हते, सुरुवातीचे वावभर रीळ कधीच तुटून गेले होते. गोष्ट अशी, की लढाई ऐन रंगात असताना एक सरदारपुत्र घोड्यावर बसून पळून जातो. गाव त्याची छी-थू करते. त्याला तबकातून बांगड्या भेट येतात. खुद्द आई त्याच्या तोंडावर दार लावते. इथे पहिले रीळ संपे. दुसऱ्या रिळात कळे, की मरत्या राजानेच त्याला पळायची आज्ञा दिली होती. खोगिराच्या झोळीत तान्हा राजपुत्र होता, आणि तो गडावर पोचेपर्यंत कोणाला चकार शब्द सांगायचा नव्हता. मग गाव पाया पडते आणि आई दार उघडते. संपले. सरदारपुत्राच्या मनगटावर घड्याळ होते. त्याची आई म्हणून जो बाप्या होता, त्याची मिशी घाईत काढलेली दिसे. घोडा टांग्याचा असावा, कारण तो प्रत्येक दारापुढे सवयीने थांबे. पण आतोबांचा आवाज लागला, की घड्याळ दिसत नसे आणि मिशीही दिसत नसे. मला दुसरीपासून वाचता येत होते, तरी मी त्या पाट्यांकडे कधी पाहिले नाही. आतोबा सांगत असताना पाटी वाचायची कशाला?

आता त्यांच्या पळण्याचे. मी हायस्कुलात जायचा झालो तेव्हा माझा बाप मोठ्या विश्वासाने आतोबांना सोबत घेऊन गेला, कारण फॉर्म कोण भरणार? शाळेच्या फाटकापर्यंत आतोबा आले. तिथे, "तेवढ्यात त्याला एका जुन्या वचनाची आठवण होते," असे म्हणाले आणि रस्ता ओलांडून दिसेनासे झाले. पोस्टमन गल्लीत शिरला, की आतोबा मागच्या दाराने मळ्यात. आत्या पुढच्या दारात कमरेवर हात ठेवून, "ते नाहीत घरी," असे पोस्टमनला सांगे आणि पत्र माझ्याकडे पाठवी. सर्वांत गाजले ते अर्जाचे पळणे. फुलवाल्यांना बाजारातल्या जागेवरून उठवणार अशी कुणकुण होती. सगळ्या फुलवाल्यांनी मिळून अर्ज लिहून घेतला आणि ठरवले, की साहेबापुढे तो आतोबांनीच खड्या आवाजात वाचायचा. त्या दिवशी सकाळी आतोबा नाहीसे झाले. तीन दिवसांनी बार्शीटाकळीला एका दूरच्या भावाकडे लिंबे तोडताना सापडले. अर्ज दुसऱ्या कोणी वाचला, जागाही राहिली, पण नाव पडले ते पडले. त्या दिवशी आत्या गल्लीच्या मधोमध उभी राहून म्हणाली होती, "कोनी मानूस म्हनू नका त्यायले. बांगड्या आना, बांगड्या. मी सोताच भरते." ऐकणाऱ्यांनाच लाज वाटली.

आणि याच माणसाला मी गुलछडीच्या वाफ्यातून हातभर काठीवर नाग उचलून बांधावर सोडताना पाहिले आहे. वर पुन्हा त्यालाच समजावत होते, की बावा, इकडं पानी देनं चालू हाय, तू तिकडं बस. नागाला न भिणारा माणूस पोस्टमनला भितो, यात काही गोम आहे, हे एखाद्या बिनशिकल्यालाही कळले असते. मी तेव्हा मॅट्रिकचा अभ्यास करत होतो.

मग मी अमरावतीला कॉलेजात गेलो. विदर्भ नुकताच मुंबई राज्यात आला होता आणि आमच्याकडे पुण्याचे एक नवे प्रोफेसर आले होते. माणूस चांगला, पण माझ्या तोंडून 'मले' निसटले की त्यांना दात दुखल्यासारखे होई. तुमची भाषा अंगावर येते हो, असे ते हसून म्हणत. मीही हसत असे, आणि खोलीवर जाऊन 'मला, मला' असे घोकत असे. शेवटच्या वर्षी स्नेहसंमेलनाचे कार्यक्रम ठरवणाऱ्यांत मी होतो. मी ठरवले, की आतोबांचा सिनेमा आणायचा. आमच्याही घरात एक माणूस आहे, जो यांच्याइतके शुद्ध बोलतो, हे त्या प्रोफेसरांना ऐकवायचे. त्यांनी विचारले, तुमचे हे आतोबा कुठपर्यंत शिकलेत? मी म्हटले, शाळा फार नाही, पण वाचन दांडगे आहे.

आतोबांना सांगायला गेलो तर ते दोनदा मळ्याच्या मागच्या बाजूने गेले. तिसऱ्यांदा मी त्यांना हार ओवताना गाठले, हाताला दोरा गुंतलेला असल्याने त्यांना उठता येईना. आत्याचा साफ विरोध. तिथे सारेच शिकलेले, तिथे यांचे काय काम, हे तिने मला चार तऱ्हेने सांगितले. मला वाटले, बाईला कौतुक नाही. मी म्हटले, "मामा, माझ्या इज्जतीचा सवाल आहे." आतोबांनी आत्याकडे पाहिले, दोरा तोडला आणि म्हणाले, "येतो."

निघायच्या दिवशी फिटरचा गुडघा सुजला. मशीन मीच फिरवेन म्हणालो. मला येत होते, फिटरचे वर्षानुवर्षे पाहिले होते. रिळांचे दोन पत्र्याचे डबे होते. एकाच्या झाकणावर तंबूवाल्या मालकाने रंगाने 'पूर्वार्ध' लिहिलेले, दुसऱ्यावर 'उत्तरार्ध'. एका डब्याला पोचा पडलेला होता, एकाला सुतळी बांधलेली होती. फिटर नेहमी कोणता डबा आधी उघडत असे, ते मी कधी बघितले नव्हते. मला बघायची गरजही वाटली नाही. मला वाचता येत होते.

संध्याकाळी हॉल गच्च भरला. कार्बाइडच्या जागी मी विजेचा मोठा दिवा लावून घेतला होता. आतोबा नवे धोतर नेसून, कानाला फूल लावून पडद्याशेजारी उभे राहिले. सिनेमा चालू असताना ते कधीच पडद्याकडे बघत नसत, लोकांकडे बघत. मशीनच्या खडखडाटावरून त्यांना कळे, कुठे काय आले ते. मी 'पूर्वार्ध' लावला आणि फिरवायला घेतले. आतोबांनी हात कानामागे नेला. "प्रभातकाळी रणदुंदुभी निनादू लागली!" समोर पाटी होती, 'हे वीरा, आम्हांस क्षमा कर.' पहिल्या रांगेत कोणी तरी खुसखुसले. "शत्रुसैन्य चहूकडून चालून आले!" पडद्यावर सगळे गाव सरदारपुत्राच्या पायांवर पडत होते. आता हॉल हसू लागला. आतोबांना वाटले, रंगते आहे. त्यांनी आवाज चढवला. "आणि पाहता पाहता रक्ताचे पाट वाहू लागले!" बांगड्यांचे तबक उचलून एक बाई ओशाळ्या तोंडाने घरात निघून गेली. मुलांनी बाके बडवली. प्रोफेसर माझ्याकडे वळून पाहू लागले.

मी हात थांबवला आणि फीत तापू नये म्हणून दिव्यावर झाकण ओढले. पण त्याआधी आतोबा मागे वळले होते आणि त्यांनी पडदा पाहिला होता. कोणत्या डब्यात काय आहे, हे झाकणावरून नाही, पोच्यावरून ओळखायचे असते, हे मला तेव्हा कळले. आणि जो माणूस तीस वर्षे त्या डब्यांबरोबर राहिला, त्याने झाकणे का बदलली नाहीत, हेही कळले. हॉलचे दिवे लागले. पडद्याजवळ एक छोटे दार होते, सताड उघडे. खरे सांगतो, त्यांनी त्या दाराने पळावे, असे मला वाटले. त्यांच्यासाठी नाही, माझ्यासाठी. दांडगे वाचन आहे, असे मी सांगून बसलो होतो.

आतोबांनीही दाराकडे पाहिले. मग ते पुढे आले, दोन्ही हात जोडले, आणि पाटीच्या आवाजात नाही, आपल्या मळ्यातल्या आवाजात बोलले.

"राजेहो, मले वाचता येत नाही. हे सारं पाठ हाय. या पोट्ट्यानं डबे वाचून रिळं लावले, म्हून उलटं झालं. त्याचा कसूर नाही. तो वाचतेच, त्याले थेच शिकोलं. आता असं करा, तुमाले तं येते न? तुमी वाचा. मीबी एकडाव आयकतो."

बाके बडवणारी पोरे सावरून बसली. मी रिळे बदलली. दिवे गेले. पहिली पाटी आली. आणि पुढच्या रांगेतून एक खणखणीत, अस्सल पुणेरी आवाज उठला. प्रोफेसर वाचत होते. दुसऱ्या पाटीला पहिली रांग, तिसरीला सगळा हॉल. दोनअडीचशे पोरे एका सुरात पाट्या वाचत होती आणि आतोबा जमिनीवर मांडी घालून, मान वर करून, पोराटोरांसारखे आपलाच सिनेमा पाहत होते. बहुतेक पाट्या त्यांच्या पाठांतराशी तंतोतंत जुळल्या. जुळली, की ते मान हलवत. शेवटची मात्र जुळली नाही. आई दार उघडते, डोळे पुसते, तिथे आतोबा नेहमी म्हणत, "मातेचे डोळे उघडले!" हॉलने वाचले, 'मातेला सारे आधीच ठाऊक होते.'

बडनेऱ्याहून आतोबांना घेऊन मी गाडीत बसलो. त्यांच्या तोंडून एकही पाटी न निघता इतका वेळ गेलेला मी कधी पाहिला नव्हता. मग हळूहळू त्यांनी सांगितले. ते तंबूत दोर ओढायच्या कामावर होते. पाट्या वाचणारा आजारी पडला, आणि आवाज मोठा म्हणून मालकाने यांना उभे केले. दुपारी मालक दोनदा वाचून दाखवी, तेवढ्यात त्यांना पाठ होई. लग्नाच्या वेळी सासऱ्याला खरे सांगायचे ठरवले होते, पण तो इतका आनंदला होता, की तोंड उघडले नाही. मग एकदा न उघडलेले तोंड उघडायला जागाच सापडेना. शेवटी त्यांनी विचारले, "थे शेवटची पाटी काय म्हने? पुन्हा सांग." मी सांगितली. "मंग तिनं दार काहून लावलं? ठाव होतं त घ्यायचं न पोराले घरात."

मी म्हटले, आईने घरात घेतले असते तर शत्रूच्या हेरांना संशय आला असता, त्यांनी झोळी तपासली असती. तिनेच दार लावले, म्हणून सगळ्यांना खरे वाटले. आतोबांनी माझ्याकडे टक लावून पाहिले आणि मग खिडकीबाहेर पाहू लागले. मूर्तिजापूर गेले, बोरगाव गेले, ते बाहेरच पाहत होते.

घरी पोचलो तेव्हा आत्या ओसरीत झेंडू निवडत बसली होती. आतोबा तिच्यासमोर उभे राहिले. हात कानामागे गेला नाही.

"अवं, मले वाचता येत नाही."

आत्याने वर पाहिले नाही. "मंग? मी कव्हा म्हनलं येते म्हून? पाय धुवा, चहा ठेवते."

ते पाय धुवायला गेल्यावर मी तिच्याजवळ बसलो. ती फुले निवडता निवडता बोलली. लग्नानंतर तिसऱ्या दिवशी कोणाची तरी लग्नपत्रिका आली होती, आणि यांनी ती सगळ्यांसमोर झोकात वाचून दाखवली. पत्रिकेवरच्या गणपतीचे पाय वर होते. "मले बी वाचता येत नाही, बाबू. पन गनपती कोन्या बाजूनं बसते, थे येते." अर्जाच्या दिवशी बार्शीटाकळीला त्यांना तिनेच पहाटे पिटाळले होते, लिंबाचे काम आहे म्हणून. मी विचारले, मग गल्लीत उभी राहून पळपुटा, पळपुटा का करत होतीस? तिने हातातला कुजका झेंडू बाजूला टाकला. "पळपुटा म्हनलं तं लोक हासते आन् घरी जाते. भ्याडाच्या हाती कोनी कागद देत नाही, बापा."

मी त्यांना अक्षरे शिकवायला घेतली. नवी पाटी आणली. आतोबा चार दिवस नेमाने बसले, पाचव्या दिवशी जोडाक्षरे लागली तशी पाटी तिथेच टाकून बार्शीटाकळीला निघून गेले. ते पळणे मात्र अगदी खरे.

सिनेमा पुढेही चालू राहिला, पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी, त्याच गोदामात, गुडघा बरा झालेल्या फिटरच्या हाताने. पाट्या आतोबाच म्हणत, त्याच आवाजात. फक्त शेवटची येई तेव्हा ते गप्प होत आणि बायांच्या बाजूला पाहत. मग त्या अंधारातून, गल्लीत गाजणाऱ्या नाही, अगदी घरातल्या आवाजात आत्या म्हणे, "तिले सारं पयलेच ठाव होतं." पडद्यावरची आई दार उघडी, आणि फिटर शेवटचे दोन हात जरा सावकाश फिरवी.

आतोबांना जाऊन आता बरीच वर्षे झाली, आत्याही गेली. रिळे माझ्याकडे आहेत. मध्ये एकदा उघडली तर फीत चिकटून गुळाच्या ढेपेसारखी झाली होती, आता ती उलगडणार नाही. डबे तेवढे मी पुसून ठेवतो. पोचा पडलेल्या डब्यावर 'उत्तरार्ध' लिहिले आहे आणि आत पूर्वार्ध आहे. झाकणे बदलायला मला एक क्षण लागेल. मी बदललेली नाहीत.